घड्याळजी आणि आपोआप थांबणारा चार्जर

घड्याळजींना त्यांची बायको घरात कोंडून ठेवते, ही बातमी बेकरीवालीनं पाव बांधता बांधता सगळ्या गल्लीला दिली. ऐकीव नव्हे, तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं. दाराला बाहेरून मुठीएवढं कुलूप आणि वर खिडकीचे गज धरून घड्याळजी उभे. "एवढा सालस माणूस हो!" म्हणत ती बातमी प्रत्येक गिऱ्हाइकाला थोडी वाढवून देत गेली, पाव मात्र मोजूनच. संध्याकाळ होईतो घड्याळजींना दोन दिवस अन्न मिळालेलं नव्हतं.

माणूस सालस होता, यात वाद नाही. डोळ्याला भिंग लावून त्यांचा जन्म गेला. दुकान एवढंसं, की जाडसर गिऱ्हाईक आत आलं की घड्याळजींना पोट आत घ्यावं लागे. दुरुस्त केलेलं घड्याळ परत देताना ते एक गोष्ट बजावायचेच, "चावी कधी पूर्ण द्यायची नाही. शेवटचा अर्धा फेरा सोडायचा. स्प्रिंगवर जुलूम नको."

हे तत्त्व दुकानात राहिलं असतं तर ठीक होतं. पण घरातला नळही ते शेवटचा अर्धा फेरा सोडूनच बंद करत, म्हणून तो रात्रंदिवस ठिबके. डब्यांची झाकणंही तशीच, म्हणून त्यांची बायको कुठलाही डबा झाकणाला धरून उचलत नसे. एकदा उचलला होता, त्याची साखर अजून कोपऱ्यात सापडते.

अशा या माणसाचा जीव एका जुन्या गाडीत अडकला होता. दुकान हाकेच्या अंतरावर, त्यामुळे गाडीला काम नाही. रविवारी ते तिला धुवायचे, पुसायचे, आत बसून स्टिअरिंग हातात धरायचे आणि फिरून आल्यासारखे खाली उतरायचे. गाडी उभी, बॅटरी उतरलेली. मग बायको आणि तिचा दादा मागून ढकलणार, घड्याळजी आत बसून "जरा जोर!" म्हणणार.

एके दिवशी मेव्हणीला गुडघ्याच्या तपासणीला न्यायचं होतं. ती कशीबशी पाय उचलून मागच्या सीटवर बसली. घड्याळजींनी किल्ली फिरवली. गाडी फक्त 'टक्' म्हणाली.

"भाऊजी," मेव्हणी म्हणाली, "आत इंजिन बसवलंय की घड्याळ?"

बायको हसली नाही. टॅक्सी बोलावून बहिणीला घेऊन गेली आणि परत आल्यावर तिनं निकाल सुनावला. "ताईला पुढच्या सोमवारी परत बोलावलंय. गाडी सुरू झाली तर झाली. नाहीतर दादा घेऊन जाईल."

"ताईंना ना? बरं होईल."

"गाडीला! भंगारात!"

घड्याळजींचा चेहरा पडला. त्याच दिवशी दोघं बॅटरीच्या दुकानात गेली. दुकानदारानं दोन चार्जर पुढे ठेवले. एकावर काटा होता. घड्याळजींचा हात सरळ तिकडे गेला.

"काका, त्याच्याजवळ राखणीला बसावं लागतं. वेळेवर काढला नाही, तर बॅटरी उकळते. हा ऑटोमॅटिक न्या. तुमच्या बॅटरीच्या मापाचा आहे, याहून दांडगा नको. लाल चिमटा अधिकला, काळा उणेला, मग प्लग. लाल दिवा म्हणजे बॅटरी रिकामी, पिवळा म्हणजे भरतेय, हिरवा म्हणजे भरली. मग तो आपोआप थांबतो."

"आपोआप?" मांजर दुधाची राखण करतं असं कुणी सांगावं, तसे घड्याळजी बघत राहिले. "आणि नाही थांबला तर?"

बायकोनं ऑटोमॅटिक चार्जर उचललासुद्धा. "हाच द्या. आमच्या घरात आपोआप थांबणारं एक तरी असू दे."

घड्याळजींनी गॅरेजात स्टूल टाकलं आणि चार्जरच्या तोंडासमोर बसले. लाल दिवा होता तोवर ठीक. पिवळा लागला, चार्जर घूं घूं करू लागला, तसं त्यांनी स्टूल पुढे सरकवलं. हात लावून पाहिलं, तर कोमट! झालं, स्प्रिंग ताणली. त्यांनी प्लग ओढला आणि वर येऊन सांगितलं, "भरली."

सकाळी गाडी कण्हली आणि गप्प झाली. पुन्हा चार्जर, पुन्हा पिवळा दिवा, पुन्हा "भरली". गाडी पुन्हा कण्हली. शेवटी बायकोनं दुकानदाराला फोन लावला. "तुमचा चार्जर बिघडलाय."

"काकू, हिरवा दिवा लागतो ना?"

"हिरवा?" तिनं नवऱ्याकडे पाहिलं. नवऱ्यानं छताकडे पाहिलं. "आमच्याकडे हिरवा अजून कुणी बघितलेला नाही हो."

अशात रविवार उजाडला. दुसऱ्या दिवशी मेव्हणीला न्यायचं होतं. दादानं तर गाडी ओढून न्यायला दोरसुद्धा आणून ठेवला होता. त्या दिवशी चिमटे लागले, प्लग लागला, हवा खेळावी म्हणून गॅरेजचं दार उघडं राहिलं, आणि स्टुलावर घड्याळजींच्या जागी बायको विणकाम घेऊन बसली. घड्याळजी वर, खिडकीत.

"अगं, पिवळा लागला का?"

"लागला."

"हात लावून बघ ना, गरम झालाय का!"

"गरम मी झालेय! गप्प बसा आत!"

"पाचच मिनिटं सोड ना गं मला बाहेर!"

नेमकी तेव्हाच बेकरीवाली खालून चालली होती.

दुपार कलली तेव्हा बायकोनं सुया खाली ठेवल्या. "झाला हिरवा."

"आणि थांबला?"

"थांबला."

घड्याळजींनी गजांना नाक टेकवलं. मग हळूच, "आपला आपण?"

सोमवारी पहिल्याच किल्लीला गाडी सुरू झाली. मेव्हणी जरा हिरमुसलीच. तिनं नवीन टोमणा तयार ठेवला होता. दादा दोर गुंडाळून घरी गेला.

आता बेकरीवालीची बातमी. कुलूप बायकोनंच लावलं होतं, हे खरं. घड्याळजी त्या दिवशी दोन वेळा जेवले, हेही खरं. आणि कुलूप घड्याळजींनी स्वतःच्या दुकानाचं काढून आणलं होतं. बायकोच्या हातात देऊन ते म्हणाले होते, "मला राहवणार नाही. बाहेरून लाव."