दुपारी चारची केस

मला चौकशा करायची भारी खोड. शेजारणीच्या पिशवीत कोणती भाजी आहे, हे पाहिल्याशिवाय चैन पडत नाही. पण एक प्रश्न मी घरच्या माणसाला तीन वर्षं विचारला नाही.

आमचे हे रोह्याजवळ धाटावला केमिकल कंपनीत ऑपरेटर. मी इथे पेणमध्ये कारखान्यातून गणपतीच्या कच्च्या मूर्ती घरी आणते आणि पॉलिशपेपरने घासून देते. सीझनला माझे हात पुरत नसत, म्हणून सकाळभर हेही घासायला बसायचे आणि मग दुसऱ्या शिफ्टला पळायचे. अशाच एका दिवशी दुपारी चार वाजता सुपरवायझरने यांना पंपाजवळ खुर्चीत डोळे मिटून बसलेलं पाहिलं. ड्यूटीवर झोपले म्हणून कंपनीने काढून टाकलं. हे म्हणाले, डोळ्यांत वाफ गेली होती.

झोप लागलीच असेल तर ती माझ्या मूर्तींपायी. मग 'झोपला होतात का?' हे विचारू कुठल्या तोंडाने? त्या दिवसापासून मी यांना पॉलिशपेपरला हात लावू दिला नाही. "तुम्ही पडा जरा," एवढंच म्हणायची.

लेबर कोर्टात आम्ही जिंकलो. कामावर परत घ्या, असा निकाल लागला. मी पेढे आणले, तर हे निकालाचा कागद धरून कोपऱ्यात.

"'आरोप सिद्ध झाला नाही' म्हणतात. 'झोपला नव्हता' असं कुठं लिहिलंय?"

दुसऱ्याच दिवशी मला घेऊन रोह्याला वकीलबाईंकडे. पुन्हा केस घाला म्हणे!

बाई शांतपणे म्हणाल्या, "जे भांडण एकदा लढून झालं, ज्याचा निकाल लागला, तेच घेऊन परत कोर्टात जाता येत नाही."

मी गप्प बसते कसली! "आणि निकालच चुकला असेल तर?"

"तर वरच्या कोर्टात दाद मागायची. पण तुम्ही जिंकलाय! जिंकलेला माणूस कशाची दाद मागणार?"

मला पटलं, यांना नाही. परतीच्या एस्टीने वाटेतलं गडब गाव गाठेपर्यंत यांची पुटपुट चालू होती, "ही कसली रीत?"

सहा महिन्यांनी कंपनीने यांच्या हातात नवी चार्जशीट ठेवली. वाचतो तर तीच तारीख, तेच चार वाजलेले, तीच खुर्ची! 'झोप' काढून 'निष्काळजीपणा' घातला होता, बस्स. पुन्हा नोकरी जाणार, पुन्हा तेच हेलपाटे.

वकीलबाईंनी मात्र जुना निकाल काढला आणि तोच कोर्टापुढे ठेवला. नाव बदललं तरी भांडण तेच, असं म्हणून कोर्टाने कंपनीची चौकशी थांबवली. बाई यांना म्हणाल्या, "तुमच्यासाठी जे दार बंद, ते त्यांच्यासाठीही बंद. तुमची ती नावडती रीतच कामाला आली की नाही?"

नोकरी वाचली. तरी हे हसले नाहीत. आता या माणसाला आणखी काय हवंय, हे काही मला कळेना.

त्या संध्याकाळी मी मूर्ती घासायला घेतल्या. हे शेजारी येऊन बसले. सवयीने माझ्या तोंडून निघालं, "तुम्ही पडा जरा."

असे भडकले! "कोर्टानं सोडलं. कंपनीचं तोंड बंद झालं. तू कवा सोडणार गो? तीन वर्षं रोज मला 'पडा' म्हणतेस. म्हणजे मी झोपलोच होतो, असंच ना?"

अगं बाई! मी आपली काळजी घेत होते, आणि हे रोज आरोपी होऊन माझ्यासमोर उभे होते. 'झोपला नव्हता' ही ओळ यांना माझ्यासाठी हवी होती.

"तसं नाय हो," म्हणताना मला रडूच आलं. आणि खोटं कशाला सांगू, तेवढ्यातही तो प्रश्न जिभेवर आला होता. गिळला. डब्यातून नवा पॉलिशपेपर काढला, फाडून दोन तुकडे केले, एक यांच्या हातात दिला.

"तुम्ही सोंड घ्या," म्हटलं. "कान मी करते."