ब्राझीलवाल्याचा शेवटचा शॉट

मी लग्नांचं शूटिंग करतो. अमळनेरपासून धुळ्यापर्यंत कुणाच्याही हळदीत घुसून नवरीच्या तोंडाशी कॅमेरा नेणारा आगाऊ माणूस, तो मीच. एका ब्राझीलच्या सिनेमावाल्याला सावद्याला केळीवर शूटिंग करायचं होतं, तेव्हा त्याच्या दिमतीला मला धाडलं. धाडणाऱ्याचं डोकं ठिकाणावर होतं की नाही, देव जाणे.

गडी साठीचा, ढगळ हाफचड्डीत हिंडणारा. त्याचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, त्यामुळे आमचं झकास जमलं. गाडीत त्यानं सगळी कुंडलीच मांडली. सुरुवात गावाकडच्या लग्नांच्या शूटिंगपासून. मी टाळीच दिली! मग उभी हयात दुसऱ्यांच्या सिनेमांचा कॅमेरामन. दिग्दर्शक म्हणून हा पहिलाच सिनेमा, त्याच्या गावची केळी आणि आपली केळी. आता शेवटचा शॉट तेवढा राहिलेला, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी त्याला परत निघायचं होतं.

बागेत त्यानं एक कोपरा हेरला. वाळून लोंबणारी पानं, खाली पाचोळा, मधून तिरपं ऊन. तो हरखला. "उद्या सकाळी इथेच," म्हणाला. मला तर तिथे नुसते विंचू दिसत होते. तरी बागवाल्या नानांना मी जागा दाखवून ठेवली.

तिथेच माती खाल्ली. परदेशातला पाहुणा कचऱ्यात शूटिंग करणार, हे नानांना कसं सोसावं? सकाळी जातो तर काय, वाळली पानं छाटलेली, पाचोळा गायब, शेणाचा सडा, आणि बरोबर त्याच जागी लग्नाचा मांडव! उन्हाला आत यायची सोयच नाही. मांडवात अख्खं खानदान रांगेत ताठ उभं, बायका शालू नेसून, पोरं पावडर फासून. फेटा बांधलेले नाना म्हणाले, "करा सुरू!"

ब्राझीलवाला बांधावर मटकन बसला, डोक्याला हात लावून. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. या माणसाचं जन्माचं स्वप्न, आणि आम्ही त्यावर झाडू फिरवला. "सॉरी सर," एवढंच सुचलं.

तेवढ्यात नानांची आई, अक्का, मांडवातून ओरडल्या, "एकही तोंड सुटायला नको बरं का! नाहीतर जन्मभर नावं ठेवीन."

मी त्याला अर्थ सांगितला. तो फसकन हसला. "माझ्या गावच्या मावश्याही हेच म्हणायच्या," म्हणाला. उठला, कॅमेरा खांद्यावर घेतला आणि चक्क लग्नातल्यासारखा रांगेच्या एका टोकापासून निघाला, एकेका तोंडावर थांबत. मी बाहेर थर्माकोलचा पांढरा तक्ता धरून त्यावरचं ऊन आत त्यांच्यावर पाडत उभा होतो.

परवा सिनेमाची लिंक आली. मी आणि बायको मोबाइलला चिकटलो. शेवटची रांग आली. नाना गेले, पोरं गेली, अक्कांनी पदर सारखा केला. मला वाटलं, संपलं. पण कॅमेरा मांडवाबाहेर आला, थर्माकोलवरून वर चढला, आणि माझ्या घामट थोबाडावर जाऊन थांबला. चांगला थांबला.

"वं माय, हाई तर तुम्हीच शेतस!" बायको ओरडली.

इतकी लग्नं केली, पण कुणाच्याच व्हिडिओत मी नाही. आमच्या स्वतःच्या लग्नातही मी कॅमेरावाल्याला शिकवत बसलो होतो, तिच्या शेजारची खुर्ची रिकामी. त्यावरून ती आजवर टोमणे मारत आली. या वेळी नाही मारला. डोळे पुसून म्हणाली, "परत लावा."