दुकानात न मिळणारं काडतूस

इथे अमेरिकेत, बॉथेलला, आमच्या शेजारी एक रिटायर्ड इंजिनियर काका राहतात. हरणाच्या शिकारीसाठी त्यांनी आपल्या जुन्या, खालचा लिव्हर ओढून चालवायच्या रायफलसाठी स्वतःचं काडतूस डिझाइन केलंय. ते दुकानात मिळत नाही, म्हणून दुसऱ्या काडतुसांच्या पितळी पुंगळ्या दाबून, कापून ते गराजमध्ये एकेक भरत बसतात. गोळीचं टोक चपटंच हवं, नाहीतर काडतुसं एकामागे एक ठेवायच्या नळीत पुढच्या काडतुसाला टोचून ते उडेल, हे त्यांनी मला दहादा सांगितलंय. प्रत्येक बोलण्याच्या शेवटी 'असो'. गुडघे दुखतात, असो. मुलीचा फोन येत नाही, असो.

परवा गेलो तेव्हा सीझनची वीसही काडतुसं भरून तयार होती आणि काका नुसते बसले होते. समोर बंदुकीच्या दारूचे दोन वेगवेगळे डबे उघडे. टेबलावर कायम एकच डबा, हा त्यांचाच नियम.

"यातली कुठली भरली रे मी?"

"दोन्ही सारख्याच दिसतायत, काका."

"म्हणून तर. चुकीची भरली असेल तर रायफल हातात फुटेल."

त्यांनी वीसही काडतुसांच्या गोळ्या उपटून आतली दारू काढली. ती आता कुठल्याच डब्यात परत घालता येत नव्हती, म्हणून गुलाबाच्या मुळाशी ओतली. पुन्हा भरतील म्हणून मी दारू मोजायचा तराजू पुढे सरकवला. त्यांनी तो पुसून खोक्यात ठेवला आणि खोक्याला टेप लावली.

मी 'असो'ची वाट बघत थांबलो. काकांनी नुसता गराजचा दिवा बंद केला.