एकटीने म्हणायची नांदी

गळ्याची शस्त्रक्रिया होऊन तीन महिने झाले तरी माझा आवाज आला नव्हता. तो येईल की नाही, हे डॉक्टरही सांगू शकत नव्हते. हिंगणघाटात तीस वर्षे मी संगीत नाटके केली आणि शिकवली. नटराजाची पूजा केल्याशिवाय एकही प्रयोग केला नाही. मग त्याने नेमका आवाजच का न्यावा, हे मी रोज त्याच्या तसबिरीपुढे बसून विचारत होते. उत्तर येत नव्हते, आणि विचारण्यावरचा विश्वासही कमी होत होता.

आमच्या मंडळाची एक रीत होती. पडदा उघडण्यापूर्वी, आणि तालमीच्या आधीही, नांदी, म्हणजे देवाची स्तुती, गुरूने एकट्याने म्हणायची. बाकीच्यांनी मागे हात जोडून उभे राहायचे. ही नांदी कुठे लिहिलेली नाही. माझ्या गुरुजींनी ती अखेरच्या आजारपणात मला दिली. मीही योग्य शिष्य मिळेपर्यंत ती कोणाला द्यायची नाही असे ठरवले. मोबाइलवर टिपायलाही बंदी घातली. योग्य असे मला कधी कोणी दिसलेच नाही. तो अहंकार होता. तेव्हा मी त्याला निष्ठा म्हणत होते.

वार्षिक प्रयोगाचा रविवार आला. नांदीशिवाय पडदा उघडत नाही आणि नांदी फक्त मला येत होती. देव ऐन वेळी आवाज देईल, या भरवशावर मी प्रयोग रद्द केला नव्हता. दुपारी चार वाजता पेटीवाल्या काकांनी सूर दिला. मी तोंड उघडले. नुसती हवा आली. पुन्हा प्रयत्न केला. रंग लावून उभी असलेली अठरा मुले माझ्याकडे पाहत होती. प्रयोग होणार नाही, असे मी काकांना खुणेने सांगितले.

तेवढ्यात विंगेतून नांदी सुरू झाली. मुलीच्या लुगड्याला पिना लावायला आलेली एक आई हात जोडून गात होती. तिचे नावही मला ठाऊक नव्हते. आवाज खडा, शब्द अचूक. काकांनी तिचा सूर शोधून साथ धरली. नांदी संपली आणि पडदा उघडला.

प्रयोगानंतर काकांनी तिला विचारले, "कुठं शिकल्या?"

"पोरीची तालीम सुटेपर्यंत बाहेर पायरीवर बसतो न मी. चार वर्सं ऐकून राह्यली."

"पण एवढ्या वरच्या पट्टीत?"

"कापसाच्या जिनिंगात मशिनीच्या वर आवाज द्या लागते, काका. हळू गाणं मले जमत नाई." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "मी चोरली नाई, मॅडम. कान काई झाकता येते?"

याला योगायोग म्हणावे की कृपा, यावर मी वाद घालणार नाही. मी आवाज मागितला होता. तो आला, आणि त्यासाठी माझ्या गळ्याची गरज पडली नाही.

आता नांदी सगळी मुले म्हणतात, ती आईच त्यांना शिकवते. माझा आवाज कुजबुजण्यापुरता परतला आहे. परवा तालमीत ती म्हणाली, "मॅडम, तुमी काऊन चूप? म्हना न."

मी म्हटली. इतक्या आवाजांत माझा मलाच ऐकू आला नाही. एवढ्या हलक्या मनाने मी नांदी पूर्वी कधी म्हटली नव्हती.