हसायचं नाही हं!
तरुणपणी मी एक मूर्खपणा केला, तोही मोठ्या कळवळ्याने. मोखाड्याजवळच्या एका पाड्यावर मी भुकेवर माहितीपट करत होते. खांद्याला झोळी, हातात भाड्याचा कॅमेरा आणि चेहऱ्यावर साऱ्या जगाची काळजी. काय माझा थाट! तिथे चार वर्षांची एक हडकुळी पोर नागलीची भाकर खात खिदळत होती. माझ्या माहितीपटातल्या भुकेल्या पोरीनं असं खिदळून कसं चालेल? मी तिच्या हातातली भाकर काढून तिच्या आईकडे दिली, तिला रिकाम्या मडक्याशी बसवलं आणि दटावलं, "हसायचं नाही हं!" पोर घाबरून गप्प झाली. शॉट झकास आला.

त्याच पावसाळ्यात ती तापाने गेली. घरात तिचा एक फोटोही नव्हता. पुढे जव्हारला आम्ही भिंतीवर चादर ताणून माहितीपट दाखवला, तेव्हा लेक पुन्हा दिसेल म्हणून तिची आई पाड्यावरून चालत आली.



चादरीवर ते भेदरलेलं तोंड आलं. आईनं ते नीट पाहिलं आणि माझ्याकडे वळून विचारलं, "बाय, ही कोनाची पोर? माझी त हसायची."