खाटेवरच्या बापाची भूमिका

“बाई, पटलं का?” आमच्या डिलाईल रोडच्या चाळीत हा प्रश्न मी तीस वर्षं ऐकला. मी शाळेत मराठी शिकवायचे, त्यामुळे नाटकाची वही धरून शेजारच्या दादांचं पाठांतर घ्यायचं काम माझ्याकडे आलं. मी “नाही” म्हटलं की गडी पुन्हा पहिल्यापासून सुरू.

तुम्ही त्यांना नक्की पाहिलंय. नाव आठवणार नाही, चेहरा आठवेल. गिरणी बंद पडल्यावर ते कामगारांच्या नाटकांतून व्यावसायिक रंगभूमीवर आले, मग मालिकांत. हवालदार, शिपाई, मुलीच्या लग्नात हात जोडून उभा असलेला काका. वाक्यं दोन, फार तर तीन. पण त्या दोन वाक्यांसाठी हा माणूस महिनाभर चाळीला वेठीला धरायचा.

लंगड्या हवालदाराचं काम मिळालं तेव्हा ते नळावर, वाण्याकडे, देवळात, सगळीकडे लंगडत गेले. बहिऱ्याच्या भूमिकेसाठी पंधरा दिवस कुणाचं ऐकलं नाही आणि आम्ही ओरडून ओरडून घसे बसवून घेतले. “दादांना रोल आलाय,” एवढं म्हणून चाळ सगळं सोसायची. खरं तर आम्हाला त्याचा अभिमानच होता.

मागच्या वर्षी त्यांना पहिल्यांदा मोठी भूमिका मिळाली. अर्धांगवायूने खाटेवर पडलेला बाप, पहिल्या अंकापासून शेवटच्या पडद्यापर्यंत रंगमंचावर. वहिनी गेल्यापासून एकटा पडलेला, सत्तरी उलटलेला हा माणूस आनंदाने नाचायचा तेवढा बाकी होता. रोज सकाळी ते परळला इस्पितळाबाहेरच्या फुटपाथवर पेशंट बघायला जाऊन बसत. नुसतं टक लावून बघणं बरं दिसत नाही म्हणून बिस्किटांचे पुडे न्यायचे आणि नातेवाइकांना वाटायचे.

त्या दिवशी जेवणं उरकून दोनच्या सुमारास आम्ही गॅलरीत बसलो. सहा पानं छान गेली. सातव्या पानावर त्यांचा उजवा हात मांडीवरून घसरला आणि शब्द जड झाले. अडखळतील तिथे मी पेन्सिलीने खूण करत गेले. म्हटलं, दादा, जिभेचं अति होतंय, मागच्या रांगेला कळायला हवं. त्यांनी पुन्हा म्हटलं. मी पुन्हा खूण केली. असं चारदा झालं. मग ते भिंतीला टेकून पडून राहिले. दमले असतील म्हणून मी घरात जाऊन डाळ निवडत बसले.

साडेसहा वाजून गेल्यावर बाहेर आले तर शेजारचे सावंत त्यांच्यापुढे उभे होते. दादांचं तोंड एका बाजूला ओढलेलं, ओठातून लाळ.

“कडक हां दादा,” सावंत म्हणत होते. “डिट्टो पेशंट.”

दादांनी माझ्याकडे पाहिलं. “बा... प...” एवढंच बाहेर आलं. मला वाटलं, नेहमीचंच विचारतायत.

“नाही पटलं, दादा,” मी म्हणाले. “ओठ एवढा वाकत नाही.”

त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. तेही मी नाटकात धरलं. सावंतांनी ओठांशी धरलेला चहाचा कप त्यांच्या छातीवर लवंडला. चहा उकळता होता. तरी त्यांचा उजवा हात जागचा हलला नाही. तेव्हा कुठे मी सावंतांना टॅक्सी आणायला पिटाळलं.

इस्पितळ आमच्यापासून दहा मिनिटांवर. टॅक्सीने पोचलो तेव्हा सव्वासात झाले होते. तरुण डॉक्टरीणबाईंनी विचारलं, तोंड वाकडं कधीपासून? गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साडेचार तासांतच देता येतं म्हणे. सावंत माझ्याकडे बघायला लागले. मी वेळेचा हिशेब लावला आणि म्हणाले, “अडीचपासून.”

“मग इतका वेळ काय करत होतात?”

वही माझ्या हातातच होती.

दादा तिसऱ्या दिवशी गेले. शोकसभेत दिग्दर्शकाने माझा हात धरून विचारलं, तयारी कुठवर आली होती? पाठांतर पूर्ण झालं होतं, एवढंच मी सांगितलं आणि वही परत केली. घरून निघण्याआधी सातव्या पानापासूनच्या सगळ्या खुणा मी रबराने पुसून टाकल्या होत्या.