ओसाड गावातली माणसं

अमेरिकेतल्या पिस्कॅटवेत आमच्या वरच्या मजल्यावर राहणारी ती नागपूरची मुलगी मध्ययुगीन इंग्लंडवर पीएच.डी. करत होती. माझ्या गाडीत बसली की रस्त्यावरच्या पाट्या हलक्या आवाजात वाचायची, जिभेवर खडीसाखर घोळवावी तशी. "ताई, गावाच्या नावातलं 'हॅम' म्हणजे घर. 'टन' म्हणजे कुंपण घातलेली वाडी."

तिचा सारा प्रबंध एका खेड्याभोवती फिरत होता. नऊशे वर्षांपूर्वीच्या जमीनमोजणीत राजाच्या कारकुनांनी त्या खेड्यापुढे 'ओसाड' असं लिहून ठेवलं होतं.

"शेतसारा मिळाला नाही म्हणून ओसाड लिहिलं हो त्यांनी! गावाचं नाव आजही तेच आहे. ते नाव घेणारं कुणीतरी तिथे उरलंच असेल ना?"

तिच्या एका परीक्षकांना मात्र हे मुळीच पटत नव्हतं, आणि पदवी त्यांच्याच होकारावर अडली होती.

डिफेन्सच्या, म्हणजे प्रबंधाच्या तोंडी परीक्षेच्या दिवशी मी तिला सोडायला गेले आणि दाराबाहेर थांबले. कॉरिडॉरमध्ये ओल्या लोकरीचा आणि करपट कॉफीचा वास कोंडला होता. अखेर दार उघडलं. तिचे डोळे भरलेले पाहून मी पुढे झाले.

"ताई, मान्य केलं त्यांनी. माणसं होती तिथे."

"अगं, पण तुझं काय झालं?"

"माझं?" ती क्षणभर गोंधळली. "हो, मी पण पास झाले!"

आणि खळखळून हसत तिथल्याच बाकावर मटकन बसली.